सुक्या मेव्याची लिकर घरी बनते, पण विकता येते का? चव तीच ठेवून कायदेशीर धंदा कसा उभा करायचा



अक्रोड, बदाम, हेझलनट यांच्या चवीची लिकर हा विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "घरी बनवून विकली तर चालेल का? बाहेर तर एवढीशी बाटली हजारांच्या घरात जाते!" उत्तर आधीच सांगून टाकतो. महाराष्ट्रात परवान्याशिवाय घरी बनवलेली लिकर विकणं हा गुन्हा आहे. ओळखीत विकली, दिवाळीच्या हॅम्परमध्ये घातली, व्हॉट्सअ‍ॅपवर ऑर्डर घेतली, तरीही गुन्हाच.

मग हा लेख कशासाठी? कारण लिकर बनवण्यात जे कौशल्य आहे, म्हणजे सुक्या मेव्याचा वास आणि चव पातळ द्रवात उतरवणं, कडवटपणा आवरणं, तेल वेगळं करणं, साखरेचं माप सांभाळणं, ते सगळं बिनदारूच्या सिरपमध्येही लागतं. आणि सिरपचा धंदा तुम्ही स्वयंपाकघरातून रीतसर सुरू करू शकता. फक्त एक गोष्ट नीट समजून घ्यायची: दारू काढून टाकली की तिच्याबरोबर माल टिकवणारी शक्तीही जाते. ही गोष्ट न समजता सिरप विकायला बसलेल्याचा माल फुगतो, गिऱ्हाईक आजारी पडतं आणि भांडवल बुडतं. म्हणून आज आधी लिकर समजून घेऊ, मग कायदा, मग सिरप आणि शेवटी हिशेब.

१. लिकर म्हणजे नक्की काय?

दारूत काहीतरी भिजवून ठेवलं की लिकर झाली, असं नाही. लिकर म्हणजे मद्यार्क, चव आणि साखर या तिघांचं ठरलेलं मिश्रण. युरोपियन युनियनच्या २०१९ च्या मद्यविषयक नियमांत लिकरची व्याख्याच दिलेली आहे: मद्यार्क किमान १५ टक्के आणि साखर साधारणपणे लिटरला किमान १०० ग्रॅम. म्हणजे व्हिस्की-रमपेक्षा सौम्य, पण चांगलीच गोड.

नट्सच्या चवीच्या तीन लिकर जगात ओळखीच्या आहेत, आणि तिन्हींमधून धंद्याचा एकेक धडा मिळतो.

पहिली नोचिनो. उत्तर इटलीतल्या मोदेना भागाची ही खासियत. ती हिरव्या, कोवळ्या अक्रोडापासून बनते.

दुसरी अमारेत्तो. सगळ्यांना वाटतं ही बदामाची. पण तिच्यातला सर्वांत प्रसिद्ध ब्रँड, दिसारोन्नो, यात बदाम नसतातच; वास येतो तो जर्दाळूच्या बियांच्या तेलाचा. आपल्याकडे 'बदाम इसेन्स'चा जो वास ओळखीचा आहे तो बेन्झाल्डिहाइड नावाच्या द्रव्याचा, आणि ते कडू बदाम व जर्दाळूच्या बियांतून मिळतं. आपण खातो त्या गोड बदामाला तो वास जवळजवळ नसतो. धडा असा की गिऱ्हाईक 'बदाम' म्हणतं तेव्हा त्याच्या डोक्यात कोणता वास आहे, हे आधी विचारून घ्या.

तिसरी फ्रांजेलिको, पिएमोन्ते भागातल्या हेझलनटची. तिची बाटली झगा घातलेल्या साधूच्या आकाराची आणि कमरेला दोरी बांधलेली. लेबल न वाचताही बाटली ओळखू येते. पॅकिंगवर खर्च करताना हे लक्षात ठेवा.

२. मोदेनाच्या घराघरांतली नोचिनो

घरगुती पदार्थाला शिस्त कशी लावतात, याचं नोचिनोइतकं चांगलं उदाहरण शोधून सापडणार नाही.

तिथं परंपरेने २४ जूनच्या आसपास, सेंट जॉनच्या सणाच्या वेळी, झाडावरून हिरवे अक्रोड उतरवतात. त्या वेळी आतलं टणक कवच अजून धरलेलं नसतं, सुरी सहज आरपार जाते. आपण लोणच्याची कैरी बाठ धरायच्या आत घेतो, तसंच. आठ-पंधरा दिवस उशीर झाला की कवच कडक होतं आणि त्या वर्षाचा हंगाम संपतो.

तिथली रूढ कृती साधी आहे:

- हिरवे अक्रोड १ किलो, म्हणजे साधारण ३३ ते ३५ नग
- ९५ टक्के शुद्ध खाद्य मद्यार्क १ लिटर (इटलीत हा दुकानात कायदेशीर मिळतो)
- साखर ७०० ते ९०० ग्रॅम
- हवं तर दालचिनी आणि लवंग, अगदी थोडी

अक्रोड धुऊन, पुसून, चार फोडी करून काचेच्या बरणीत साखरेबरोबर घालतात. साखर रस ओढून घेते. मग मद्यार्क ओततात आणि बरणी सुमारे ६० दिवस उन्हात ठेवतात, मधूनमधून हलवतात. रंग आधी हिरवा, मग तपकिरी, शेवटी जवळजवळ काळा होतो. गाळून घेतल्यावर लगेच पीत नाहीत. निदान वर्षभर काचेत किंवा लाकडी पिंपात मुरू देतात. सुरुवातीला जीभ आखडून टाकणारा तुरटपणा असतो, तो या काळात मवाळ होतो. आणि हो, फोडी करताना हातमोजे घालतात. हिरव्या अक्रोडाचा डाग हातावर कित्येक दिवस राहतो.

आता धंद्याच्या दृष्टीने महत्त्वाचा भाग. १९७८ मध्ये स्पिलाम्बेर्तो या मोदेनाजवळच्या गावातल्या काही महिलांनी नोचिनोची परंपरा जपण्यासाठी 'ऑर्दिने देल नोचिनो मोदेनेसे' ही संघटना काढली. प्रत्येक घराची कृती वेगळी, प्रत्येकीचा हात वेगळा. पण मूळ माप लिहून काढलं, चव तपासणारे लोक तयार केले, घरगुती नोचिनोच्या स्पर्धा भरवल्या. पुढे युरोपच्या नियमांत नोचिनोला स्वतंत्र व्याख्या मिळाली: अख्ख्या हिरव्या अक्रोडाची चव आणि किमान ३० टक्के मद्यार्क.

'आमच्या आजीच्या हाताची चव' हे जाहिरातीचं वाक्य झालं. धंदा उभा राहतो तो ग्रॅममध्ये लिहिलेल्या मापावर. तुमचं लोणचं, मसाला, सिरप, काहीही असो, दुसऱ्या कुणी तुमच्या वहीत बघून केलं तर तीच चव यायला हवी.

३. सुक्या नट्सची पद्धत

हिरवे अक्रोड महाराष्ट्रात मिळत नाहीत. झाडं काश्मीर, हिमाचल, उत्तराखंडात. सुके नट्स मात्र सगळीकडे मिळतात. त्यांची लिकर जिथं घरी बनवणं कायदेशीर आहे तिथं अशी बनवतात:

१. नट्स मंद आचेवर किंवा १५० ते १६० अंशांच्या ओव्हनमध्ये १२ ते १५ मिनिटं भाजायचे. आपल्याला हवा तो खमंग वास भाजण्यातच तयार होतो. कच्च्या नट्समध्ये तो नसतो.

२. फडक्यात चोळून साल काढायची. सालीत तुरटपणा असतो.

३. खलबत्त्यात जाडसर कुटायचे. पूड करायची नाही, नाहीतर पुढे गाळताना जीव जातो.

४. काचेच्या बरणीत व्होडकासारख्या बिनवासाच्या मद्यात दोन ते चार आठवडे मुरवायचे. रोज एकदा हलवायचं, उन्हापासून लांब ठेवायचं.

५. गाळून रात्रभर फ्रीजरमध्ये ठेवायचं. मद्य गोठत नाही, पण नट्सचं तेल वर घट्ट थर धरतं. तो काढून टाकायचा आणि कॉफी फिल्टरमधून पुन्हा गाळायचं. बदामात वजनाच्या साधारण निम्मं आणि अक्रोड-हेझलनटमध्ये त्याहून जास्त तेल असतं. हे तेल राहिलं की लिकर गढूळ दिसते आणि काही दिवसांनी खवट लागते.

६. शेवटी साखरेचा पाक थंड करून मिसळायचा आणि महिनाभर तसंच ठेवायचं.

माप कसं बसतं ते आकड्यात बघा. ४२.८ टक्क्यांच्या ७५० मिली बाटलीत शुद्ध मद्यार्क ३२१ मिली. त्यात ३०० मिली पाक घातला की एकूण १,०५० मिली, म्हणजे मद्यार्क साधारण साडेतीस टक्के. साखर आणि पाणी समान वजनाने घेऊन केलेल्या ३०० मिली पाकात सुमारे १८५ ग्रॅम साखर असते. म्हणजे लिकरच्या दोन्ही अटी पूर्ण.

तीन धोके मात्र पाठ करून ठेवा.

कडू बदाम आणि जर्दाळूच्या बिया घरी वापरू नका. त्यातल्या अ‍ॅमिग्डालिनपासून सायनाइड तयार होतं. कारखान्यात ते काढून टाकायची आणि तपासायची सोय असते, स्वयंपाकघरात नसते.

औद्योगिक स्पिरिट, लॅबमधलं स्पिरिट, सॅनिटायझरचं अल्कोहोल याला हात लावू नका. त्यात मिथेनॉल किंवा मुद्दाम मिसळलेली विषारी द्रव्यं असू शकतात. जून २०१५ मध्ये मुंबईतल्या मालवणीत विषारी दारूने शंभरहून जास्त माणसं गेली. चव किंवा वास घेऊन मिथेनॉल ओळखता येत नाही.

घरी ऊर्ध्वपातन, म्हणजे भट्टी लावणं, कुठल्याही कारणाने नको. घरात नोचिनो बनवणाऱ्या इटलीतही घरची भट्टी बेकायदाच आहे.

४. आता कायदा

दारू हा विषय राज्यघटनेप्रमाणे राज्यांच्या यादीत येतो, म्हणून प्रत्येक राज्याचे नियम वेगळे. आपल्याकडे महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, १९४९ लागू आहे. नाव वाचून दचकू नका, पण त्याचा अर्थ समजून घ्या: या कायद्याचा पाया बंदी हा आहे आणि परवाना हा अपवाद.

त्यात मद्य 'तयार करणं' या शब्दात फक्त भट्टी येत नाही. मद्य बनवणं आणि मिसळणं या क्रियाही येतात. म्हणून "मी कुठे दारू गाळतोय, दुकानातून घेतलेल्या व्होडकात बदाम टाकतोय" हा बचाव धंद्यासाठी उपयोगाचा नाही. तयार करणं, बाळगणं, नेणं, विकणं या सगळ्याला परवाना लागतो आणि नसेल तर तुरुंगवास व दंड दोन्ही होऊ शकतात. विकत घेऊन पिण्यासाठीसुद्धा परमिट लागतं आणि स्पिरिटसाठी वयाची अट २५ वर्षांची आहे. वर्धा आणि गडचिरोली जिल्ह्यांत तर दारूबंदीच आहे. मद्याच्या जाहिरातीवरही निर्बंध आहेत, त्यामुळे इन्स्टाग्रामवर फोटो टाकून 'डीएम करा' म्हणणं म्हणजे स्वतःच पुरावा तयार करून देणं.

"पण गोव्यात तर घरोघरी काजूची फेणी बनते ना?" हा पुढचा प्रश्न. दोन गोष्टी लक्षात घ्या. एक, फेणी काजूगरापासून बनत नाही. ती काजूच्या फळाच्या, म्हणजे बोंडूच्या, रसापासून बनते. नटच्या चवीशी तिचा संबंध नाही. दोन, गोव्याच्या काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं आहे आणि तिथले भट्टीवाले गोव्याच्या अबकारी नियमांखाली परवाना घेऊन काम करतात. तिथला नियम इथं चालत नाही.

तरीही लिकरचाच ब्रँड काढायचा असेल तर रीतसर वाट आहे: परवानाधारक कारखान्याशी करार करून माल बनवून घेणं, राज्य उत्पादन शुल्क विभागाकडे लेबल मंजूर करून घेणं, अन्नसुरक्षा प्राधिकरणाचे मद्यविषयक नियम पाळणं. हे नियम १ एप्रिल २०१९ पासून लागू आहेत. ही वाट मोठ्या भांडवलाची आहे. पहिला धंदा म्हणून मी ती सुचवणार नाही.

५. दारू काढली तर काय काय जातं?

आता लेखाचा गाभा. लिकरमध्ये मद्यार्क तीन कामं करतो:

*पहिलं, वास ओढून घेणं.* भाजलेल्या नट्समधली बरीचशी सुगंधी द्रव्यं मद्यार्कात पाण्यापेक्षा चांगली उतरतात. म्हणून नुसत्या पाण्यात उकळलेल्या बदामाचा वास फिका येतो.

*दुसरं, माल टिकवणं.* ३० टक्के मद्यार्कात जंतू वाढत नाहीत. नट्स भिजवलेलं साधं पाणी मात्र खोलीच्या तापमानाला काही तासांत नासायला लागतं.

*तिसरं, जिभेवर भरलेपणा देणं.* साखरेबरोबर मद्यार्कही ते काम करतो.

सिरप बनवायचं म्हणजे या तिन्ही जागा भरायच्या. वासासाठी भाजणं आणि गरम पाणी, टिकण्यासाठी साखर, उष्णता आणि स्वच्छता, भरलेपणासाठी साखरेचं योग्य प्रमाण. इंटरनेटवरच्या पुष्कळ कृतींमध्ये "व्होडकाऐवजी पाणी घ्या" एवढंच लिहिलेलं असतं. त्या कृतीने बनवलेला माल बाटलीत भरून विकू नका.

६. भाजक्या बदामाचं सिरप: चाचणीची बॅच

हे सिरप कॉफी, दूध, आइस्क्रीम, मॉकटेल यांत चालतं. गिऱ्हाईक म्हणजे छोटे कॅफे, ज्यूस सेंटर, आइस्क्रीम पार्लर आणि घरगुती ग्राहक.

साहित्य:

- बदाम ३३० ग्रॅम
- पाणी दीड लिटर
- साखर २ किलो १५० ग्रॅम
- चिमूटभर मीठ
- सायट्रिक आम्ल, गरजेप्रमाणे अगदी थोडं

कृती:

१. बदाम नीट निवडा. तुकडा बदाम चालेल, खवट किंवा बुरशी आलेला अजिबात चालणार नाही. बुरशीतून येणारं अफ्लाटॉक्सिन हे विष भाजूनही पूर्ण जात नाही. स्वस्तात मिळतोय म्हणून जुना माल उचलू नका.

२. नेहमीपेक्षा थोडे जास्त भाजा, आतून फिकट तपकिरी होईपर्यंत. काळा डाग पडला की कडवटपणा येतो. जाडसर कुटून घ्या.

३. उकळत्या पाण्यात घालून झाकण ठेवा आणि मंद आचेवर २० मिनिटं ठेवा. मग भांडं थंड पाण्यात ठेवून पटकन गार करा आणि रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा. रात्रभर ओट्यावर ठेवायचं नाही.

४. सकाळी वर आलेलं तेल काढा. आधी मलमलच्या फडक्यातून, मग कॉफी फिल्टरमधून गाळा. बदाम पाणी पितात, त्यामुळे साधारण सव्वा लिटर हाती लागेल. त्यातलं १ लिटर १५० मिली मोजून घ्या. कमी भरलं तर उकळलेलं पाणी घालून माप पूर्ण करा.

५. साखर आणि मीठ घालून गरम करा. साखर विरघळून मिश्रण ८५ ते ९० अंशांवर आलं की थांबा. एकतारी पाक करायचा नाही. तो बराच दाट असतो आणि थंड झाल्यावर बाटलीच्या तळाशी साखर बसते.

६. रिफ्रॅक्टोमीटरने ब्रिक्स तपासा. हातात धरायचं हे छोटं यंत्र सिरपवाल्याचा तराजूच आहे. घेताना ० ते ८०-९० ब्रिक्स मोजणारं घ्या. थेंब थंड करून बघा. आकडा ६५ च्या आसपास यायला हवा. वरचं माप याच आकड्यासाठी आहे: एकूण ३ किलो ३०० ग्रॅम मिश्रणात २ किलो १५० ग्रॅम साखर.

७. उकळून निर्जंतुक केलेल्या गरम काचेच्या बाटल्यांमध्ये सिरप गरमच भरा, लगेच झाकण लावा.

आम्लाबद्दल एक सूचना. आम्लामुळे सिरप टिकायला मदत होते आणि साखर बसत नाही, पण आपलं सिरप दुधात जाणार आहे. आम्ल जास्त झालं की कॉफीतलं दूध फाटतं. म्हणून प्रत्येक बॅचमधलं २० मिली सिरप कपभर गरम दुधात घालून बघा. ही दहा पैशांची चाचणी तुमचं कॅफेचं गिऱ्हाईक वाचवते.

६५ ब्रिक्सला बहुतेक जंतू वाढत नाहीत, पण काही यीस्ट एवढ्या साखरेतही जगतात. झाकण फुगलं, उघडताना फसफसलं, आंबूस वास आला, तर ती बाटली नाही, ती अख्खी बॅच फेकायची. परिरक्षक वापरायचं असेल तर अन्नसुरक्षा नियमांत परवानगी असलेलंच, ठरलेल्या मर्यादेत आणि लेबलवर लिहून.

आणखी एक खरी गोष्ट. नुसत्या बदामाने बनवलेल्या सिरपचा वास कॅफेतल्या परदेशी सिरपइतका उग्र येणार नाही. त्यांच्यात बहुतेक वेळा वेगळा फ्लेवर घातलेला असतो. तुमच्यासमोर दोन वाटा आहेत: खाद्य फ्लेवर घालून लेबलवर तसं लिहायचं, किंवा 'खऱ्या भाजक्या बदामाचं, सौम्य' म्हणून विकायचं. फ्लेवर घालून 'शंभर टक्के नैसर्गिक' लिहायचं, ही वाट नाही.

७. हिशेब: एका बाटलीमागे काय उरतं?

खालचे भाव समजण्यासाठी धरले आहेत. तुमच्या बाजारातले भाव घालून हाच तक्ता वहीत करा.

वरच्या मापात हिशेबाने अडीच लिटर सिरप होतं, म्हणजे २५० मिलीच्या १० बाटल्या. पण भांड्याला चिकटतं, चाचणीला जातं. म्हणून ९ धरा.

- बदाम ३३० ग्रॅम, ९०० रुपये किलोने: सुमारे ३०० रुपये
- साखर: सुमारे १०० रुपये
- गॅस, फिल्टर, इतर: ६० रुपये
- बाटली, झाकण, लेबल: २८ रुपये × ९ = २५२ रुपये
- तुमची मजुरी: ३ तास × १०० = ३०० रुपये

एकूण १,०१२ रुपये. एका बाटलीला साधारण ११२ रुपये.

समजा छापील किंमत २५० रुपये ठेवली. दुकानदाराचे ३० टक्के म्हणजे ७५ रुपये गेले, पोहोचवायचे १० गेले. हातात आले १६५. त्यातून ११२ गेले की उरले ५३ रुपये. नोंदणी, तपासणी, फुटलेल्या बाटल्या, फुकट वाटलेले नमुने, लागू असेल तर जीएसटी, हे सगळं या ५३ मधून भागवायचं.

आता मजुरीची ओळ पुसून बघा. नफा एकदम ८६ रुपये दिसतो! घरगुती धंदे इथंच फसतात. घरच्या बाईचे तीन तास फुकट धरले की कागदावर फायदा दिसतो आणि ऑर्डर वाढून माणूस ठेवायची वेळ आली की तोच धंदा तोट्यात जातो. म्हणून पहिल्या दिवसापासून मजुरी लिहा, मग ती स्वतःचीच का असेना.

आणखी एक निरीक्षण: बदाम आणि मजुरीच्या खालोखाल खर्च बाटलीचा आहे. कॅफेला एक लिटरची बाटली किंवा कॅन दिला तर हा खर्च लिटरमागे बराच खाली येतो. सुरुवात दोन-तीन कॅफेंपासून करा, किराणा दुकानाच्या फळीपासून नको. कॅफे पुन्हा ऑर्डर देतो. फळीवरची बाटली वाट बघत बसते.

८. कागदपत्रं आणि लेबल

खाद्यपदार्थ विकायचा म्हणजे अन्नसुरक्षा प्राधिकरणाची नोंदणी किंवा परवाना हवाच, घरातून विकलात तरीही. नोंदणी पुरेल की परवाना लागेल, हे वार्षिक उलाढालीवर ठरतं. अर्ज फॉसकॉस पोर्टलवर ऑनलाइन होतो आणि चालू मर्यादा व शुल्कही तिथंच दिसतं.

लेबलवर हे असू द्या: पदार्थाचं नाव, वजनाच्या उतरत्या क्रमाने घटक, पोषणमूल्यं, शाकाहारी चिन्ह, अन्नसुरक्षा बोधचिन्ह आणि १४ अंकी क्रमांक, निव्वळ प्रमाण, बॅच क्रमांक, बनवल्याची आणि वापरायची तारीख, छापील किंमत, तुमचं नाव-पत्ता आणि तक्रारीसाठी संपर्क. आणि विसरू नये अशी एक ओळ: 'यात बदाम आहेत'. नट्सची अ‍ॅलर्जी असलेल्या माणसाला एक घोटही जिवावर बेतू शकतो.

'सहा महिने टिकतं' हे अंदाजाने छापू नका. आधी स्वतः काही बाटल्या खोलीत, काही फ्रीजमध्ये आणि एक उघडून ठेवा. दर आठवड्याला रंग, वास, चव, झाकण बघून तारीख टाकून नोंद करा. मग मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतून टिकाऊपणाची तपासणी करून घ्या आणि तो अहवाल बघून तारीख ठरवा. तोपर्यंत विकू नका, ओळखीत चव घ्यायला द्या आणि फ्रीजमध्ये ठेवून आठवड्यात संपवायला सांगा.

या आठवड्याचा गृहपाठ

१. वरची चाचणीची बॅच करा आणि प्रत्येक पायरीचं वजन, वेळ, तापमान वहीत लिहा. मोदेनाच्या बायकांनी जे केलं, ते हेच.

२. तुमच्या भागातल्या तीन कॅफेंमध्ये जाऊन विचारा: कोणतं सिरप वापरता, महिन्याला किती लिटर लागतं, कितीला पडतं? विकायला जाऊ नका, फक्त विचारायला जा.

३. तुमच्या बाजारातले भाव घालून बाटलीचा हिशेब करा, मजुरीसकट. बाटलीमागे ४० रुपयांपेक्षा कमी उरत असतील तर किंमत, बाटलीचा आकार किंवा गिऱ्हाईक, यातलं एक बदला.

लिकरच्या बरणीत मद्यार्क तुमच्या बऱ्याच चुका पोटात घालतो. सिरपच्या बाटलीत ते काम तुमची वही, तुमचं रिफ्रॅक्टोमीटर आणि तुमची स्वच्छता करतं. ते जमलं की कायद्याची भीती नाही, आणि रात्री झोपही शांत लागते.

पुढच्या भागात: बाटली, झाकण आणि लेबल कमीत कमी संख्येत कुठून आणि कसं घ्यायचं. तोवर, कामाला लागा!